कथित

मार्च महिन्यातील एका सोमवारी, भर दुपारी, वाहिनीच्या कचेरीतील तिसऱ्या मजल्यावरच्या बंदिस्त खोलीत माहितीपटाची अंतिम तपासणी चालू असता, पडद्यावरील चित्र थांबवण्यात आले. थांबवणारा माहितीपटकार स्वतःच होता.

"ही पट्टी कोणी घातली?"

पडद्यावर एका स्त्रीचा चेहरा होता. तिचा नवरा रंगाच्या कारखान्यातील टाकी साफ करायला उतरला आणि आतल्या वायूने गुदमरून मेला. तिच्या चेहऱ्याखाली अक्षरे होती : 'कथित मृत कामगाराची कथित विधवा'.

"संकलनातल्या पोरांनी जरा जास्तच केलं," वाहिनीचे वकील हसले. "मी म्हटलं, आरोप असेल तिथं 'कथित' घाला. त्यांनी सरसकट पेरलं."

"पेरलंच आहे तर खतही घाला ना!"

"अरे, चिडतोस काय? हे काढू," संपादक म्हणाले. "पण 'मालकाला वायूची कल्पना होती' इथलं 'कथित' राहील."

हे संपादक त्याचे जुने वरिष्ठ. त्यांच्याच तेव्हाच्या वृत्तपत्रात त्याने शोधपत्रकारितेत उमेदीची वर्षे घालवली होती. निकृष्ट पुलांपासून बनावट औषधांपर्यंत जे जे त्याने पुराव्यानिशी उकरून काढले, ते ते याच शब्दाची कुबडी लावून छापले गेले आणि लंगडत लंगडत विस्मृतीत गेले. अखेर लेखणी ठेवून त्याने कॅमेरा उचलला. लिहिलेल्यावर संशय घेता येतो, दिसलेल्यावर घेता येत नाही, असा त्याचा युक्तिवाद होता. तो किती भाबडा होता, हे त्या पट्टीने दोन बोटांच्या जागेत सिद्ध केले होते.

"मुकादम कॅमेऱ्यासमोर सांगतोय, 'आत वायू आहे हे मी साहेबांच्या कानावर घातलं होतं.' आणखी काय हवंय? मालकाच्या हस्ताक्षरात कबुली?"

"कोर्टात कुठं सिद्ध झालंय?" वकील म्हणाले.

"उद्या चौकशी समिती बसतेय. आज हे दाखवलं तर तिला डोळे झाकता येणार नाहीत. म्हणून तर तुमची पायरी चढलो!"

"मग एक शब्द गिळ की," संपादक मऊपणे म्हणाले. "नाहीतर घेऊन जा."

त्याने माहितीपट काढून घ्यायला हात पुढे केला. पण उद्याचा दिवस त्याच्या एकट्याचा नव्हता. संमतीच्या सहीसाठी बोलावलेली ती स्त्री मागच्या खुर्चीत बसली होती. तो वळला.

"वहिनी, तुम्ही सांगाल तसं."

"कथित म्हणजे काय हो, भाऊ?"

"म्हणजे… लोक असं म्हणतात. खरंखोटं माहीत नाही."

"अस्सं. म्हणजे लोक म्हणतात म्हणून मी विधवा?"

"ते काढतोय हो, ताई," वकील घाईने म्हणाले.

"आणि त्या मालकाच्या खाली काय लिहिलंय?"

त्याने चित्र पुढे सरकवले. मालकाच्या हसऱ्या चेहऱ्याखाली पट्टी होती : 'सुप्रसिद्ध उद्योजक'. त्याआधी कोणताही शब्द नव्हता.

तिने ते अक्षर अक्षर लावून वाचले, सही न करताच पेन टेबलावर ठेवले आणि उठली.

"भाऊ, हे त्यांचं पिक्चर झालं. आपलं नाही."