लटारूची साक्ष

साहेबांनी दुसऱ्यांदा नाव विचारलं, तेव्हाही लटारू म्हणाला, "काई तरास नाई, साहेब."

लाकूड कापायच्या आरामशीनच्या फाटकासमोर टेबल मांडून एस.डी.ओ. साहेब चौकशीला बसले होते. जमलेले लोक हसले. मागे बायकांत उभ्या असलेल्या रंभेने पदराचं टोक मुठीत घट्ट धरलं. हे वाक्य तिनेच नवऱ्याकडून घोटून घेतलं होतं. चार दिवस रोज संध्याकाळी ती त्याच्यासमोर बसली होती. साहेबाने तुमच्याकडे पाहिलं की एवढंच म्हणायचं, दुसरं काही नाही.

वडसा गावातल्या त्या मशीनवर लटारू नऊ वर्षं सागवानाची लाकडं कापत होता. घर तिथून तीस पावलांवर. आधी त्याच्या कानांत भुंगा घुमायचा. मग तोही थांबला आणि गेली दोन वर्षं त्याला काहीच ऐकू येत नव्हतं. हे रंभेशिवाय कुणाला ठाऊक नव्हतं. मशीनवर सगळेच हातवाऱ्यांनी बोलत, त्यात त्याचं निभावून जाई. कुणाचा हात पात्याखाली आला आणि तो ओरडला, तर आरा चालवणाऱ्याला ऐकू यायला हवं. बहिऱ्या माणसाला तिथं कोण ठेवणार? कुणी घरी आलं की रंभा म्हणायची, ते कमीच बोलतात. मग त्याच्याकडे तोंड करून सावकाश ओठ हलवायची आणि तो ओठ वाचायचा.

रेल्वेच्या स्लीपरांचं मोठं काम आलं, तशी मशीन पहाटे चारला सुरू होऊन रात्रीची जेवणं झाली तरी करवादत राहू लागली. वस्तीतली तान्ही लेकरं दचकून रडायची, म्हातारी माणसं डोकं धरून बसायची. शेवटी गल्लीतले शिलाईवाले गुलाम रसूल यांनी अर्ज केला. वस्तीला उपद्रव देणाऱ्या कारखान्यावर बंधन घालायचा अधिकार सरकारला आहे, असं त्यांना एका वकिलाने सांगितलं होतं. अंगठे घेत ते रंभेच्या दारीही आले. हात पिठात आहेत, असं ती आतूनच म्हणाली. ते समजून गेले आणि पुन्हा आले नाहीत.

मशीनचे मालक असलेल्या शेटजींनी मात्र लटारूलाच साक्षीला उभं केलं. मशीनच्या सगळ्यांत जवळ राहणाराच त्रास नाही म्हणाला, तर अर्जात राहिलं काय?

साहेबांनी मशीन पाव तास चालवून पाहिली होती आणि मग बंद करायला लावली होती. त्या शांततेत त्यांनी तिसरा प्रश्न विचारला, किती वर्षांपासून काम करतोस? लटारू पुन्हा तेच म्हणाला. साहेबांनी टाक खाली ठेवला आणि कारकुनाला सांगितलं, साक्षीदार दारूच्या नशेत आहे, असं लिहा. शिपायाने लटारूचा दंड धरला. आपली साक्ष झाली असं समजून लटारूने साहेबांना हात जोडले आणि तो हसला.

रंभेला ते हसू पाहवलं नाही. माणसांतून वाट काढत ती पुढे आली.

"ते दारू नाई पेले, साहेब. उभ्या जन्मात नाई पेले. त्यायले ऐकू येत नाई. या मशीननं कान गेले त्यायचे."

कुणी हसलं नाही. साहेब उठले, लटारूच्या पाठीमागे गेले आणि हातातला रूळ त्यांनी तिथल्या ओंडक्यावर जोरात आपटला. आजूबाजूची माणसं दचकली. लटारू तसाच हात जोडून उभा होता. कारकुनाने लिहिलेली ओळ खोडली.

दुसऱ्या दिवशी मुनीमाने लटारूला कामावरून काढलं. काम कमी झालं, एवढंच रंभेने त्याला सांगितलं. वीस दिवसांनी फाटकावर हुकूम लागला. मशीन सकाळी आठ ते संध्याकाळी सहा एवढीच चालेल आणि सहा महिन्यांत वस्तीबाहेर हलवली जाईल. गुलाम रसूल रंभेच्या दाराशी येऊन उभे राहिले. वस्तीवर उपकार झाले, असं काहीसं पुटपुटले.

"उपकार म्हनू नोका, भाऊ," रंभा म्हणाली. "मी वस्तीसाठी नाई बोलली."

मग ती भाताच्या रोवणीच्या मजुरीला जाऊ लागली. लटारू सकाळी सवयीने फाटकापर्यंत जाऊन उभा राहायचा आणि परत यायचा.

अशाच एका संध्याकाळी मशीन थांबली होती. लोक ओट्यांवर येऊन बसले होते. गुलाम रसूल यांची बायको शमसुन्निसा नातीला गोष्ट सांगत होती, तिचा शब्द न् शब्द गल्लीत ऐकू येत होता. लटारू ओट्यावर जेवत होता. कान गेल्यापासून तो मोठ्याने बोलायचा. इतके दिवस मशीनच्या आवाजात ते कुणाच्या ध्यानात आलं नव्हतं.

"रंभा," तो म्हणाला, "मी साहेबासमोर बराबर बोललो ना?"

साऱ्या गल्लीने ते ऐकलं. शमसुन्निसाची गोष्ट मधेच थांबली. गुलाम रसूल यांनी शिलाईयंत्राच्या चाकावर हात ठेवून ते थांबवलं.

रंभेने त्याच्याकडे तोंड केलं आणि ओठ सावकाश हलवले. "बराबर बोलले तुमी."

त्याने मान हलवली आणि भाताचं ताट जवळ ओढलं.