बदली गडी

"अक्साकाल, फोन एकदा बंद करून पुन्हा चालू केलात का?"

"केला ना, पोरी. चारदा केला. आता मीच तेवढा बंद पडायचा बाकी आहे."

बुरुलला हसू आलं, पण ते तिनं ओठातच दाबलं. गिऱ्हाइकाच्या अडचणीला हसायचं नाही, हा ऑफिसचा पहिला नियम. बिश्केकमधल्या त्या तिसऱ्या मजल्यावर ती दिवसभर कानाला हेडफोन लावून बसायची आणि लोकांचा अडलेला खेळ सुरू करून द्यायची. खेळ कुठला, तर टोगुझ कोर्गोल. सरळ भाषेत सांगायचं तर नऊ लेंड्या. जुने मेंढपाळ कुरणावर जमिनीत खळगे करून खरोखरच्या लेंड्यांनी हा डाव मांडत. आता तोच डाव मोबाइलवर आला होता आणि बिनवासाचा झाला होता. तो अडला की मेंढपाळ बुरुलला फोन करत.

हे मेंढपाळ अत-बाशीकडचे होते, नाव तोक्तोसुन. आवाजावरून सत्तरीला टेकलेले वाटत होते, म्हणून तिनं 'अक्साकाल' म्हटलं होतं, म्हणजे वडीलधारे.

"काय लिहून येतंय ते वाचून दाखवता का?"

"'जोडणी होऊ शकत नाही.' लाल अक्षरात. कालपासून एवढंच. मी काय कुणाचा खून केलाय?"

"फोनवर तारीख कोणती दिसते?"

पलीकडे थोडी खुडबूड झाली. "जानेवारीची एक... आणि साल... तोबा तोबा! या फोनच्या हिशोबानं मी अजून शाळेत आहे की!"

आता मात्र बुरुल हसलीच. फोन साफ बंद पडला होता आणि उठताना तारीख विसरला होता. फोनची तारीख चुकली की समोरचं यंत्र त्याला दारातच अडवतं, ओळखसुद्धा दाखवत नाही. कुठं दाबायचं, काय निवडायचं, हे तिनं शांतपणे सांगितलं. म्हाताऱ्याच्या बोटांना वेळ लागला. तिला घाई नव्हती. काराकोलच्या टेलिफोन एक्सचेंजमध्ये तिनं अर्धं आयुष्य लोकांच्या तारा जोडण्यात घालवलं होतं. ते एक्सचेंज बंद पडलं, मग तिनं बाजारात मोजे विकले, आणि मग 'आवाज गोड आहे' म्हणून ही नोकरी मिळाली. नाहीतर पन्नाशीच्या बाईला मोबाइलच्या खेळाच्या कंपनीत कोण उभं करतं?

"आला! उघडला!" तोक्तोसुन ओरडले. "अगं ए, आला गं!" हे बहुधा बायकोला होतं. "कुबातचा हिरवा दिवा पण दिसतोय. वाट बघत बसलाय पोरगा."

"कुबात म्हणजे मुलगा का?"

"एकुलता एक. येकातेरिनबुर्गला बांधकामावर आहे. तुला म्हणून सांगतो, माझ्याशी अबोला धरलाय त्यानं. मागच्या उन्हाळ्यात आला तेव्हा म्हणत होता, परत जात नाही. मी म्हटलं, तरणाताठा गडी घरात लोळून काय करणार? गेला तो चिडून. पानगळीपर्यंत नुसते डाव खेळला, पण शब्द नाही. नंतर तर फोनही उचलेना, नुसता डाव मांडतो. पण काय सांगू तुला, खेळ बघ त्याचा! आधी मला असा हरवायचा की शेजारी तोंड दाखवायची सोय नसायची. आता हिवाळ्यापासून बहुतेक डाव मीच जिंकतो. आणि हरला की चहाचा पेला पाठवतो, चित्र गं. मुद्दाम हरतोय, कळतं मला. म्हाताऱ्याला खूश करतोय. राग गेलाय त्याचा, फक्त तोंड उघडायला लाजतोय."

"चांगलं आहे की, अक्साकाल."

"मग एक काम कर. तुमच्या बाजूनं त्याला कळव, कालपासून माझा फोन बिघडला होता. नाहीतर त्याला वाटेल, बाप रुसला."

"कळवते," बुरुल म्हणाली आणि फोन ठेवून तिनं कुबातचं नाव उघडलं.

म्हाताऱ्याला जिथं हिरवा दिवा दिसत होता, तिथं ऑफिसच्या पडद्यावर पिवळा ठिपका होता. पिवळा म्हणजे बदली गडी.

ही बदलीची युक्ती सगळ्यांना फार आवडली होती. कुणाचं नेट तुटलं तर समोरचा ताटकळू नये, म्हणून तुटलेल्याच्या नावानं यंत्रच चाली करायचं. गेल्या वर्षी त्यात सुधारणा झाली. डाव संपला तरी बदली गडी जागा सोडायचा नाही, नवा डाव मांडायचा. हरला की चहा पाठवायचा. आणि थोडा कच्चाच खेळायचा, कारण जिंकलेला माणूस उद्या परत येतो. जोडणी तुटल्याच्या तक्रारी निम्म्यावर आल्या, तेव्हा ऑफिसात केक कापला होता. मोठा तुकडा बुरुलच्या ताटलीत पडला होता आणि तिनं तो आवडीनं खाल्ला होता.

कुबातच्या फोननं शेवटची चाल ऑक्टोबरात केली होती. आता एप्रिल उजाडला होता. मधले सगळे डाव, सगळे चहाचे पेले पिवळे होते. बुरुलनं पडदा वर सरकवला, खाली सरकवला, पुन्हा वर नेला. आपलंच काहीतरी चुकतंय असं तिला वाटत राहिलं. मग ती उठली.

अदिलेत काचेच्या खोलीत बसायचा. बदली गड्याचा प्रोग्राम त्यानंच लिहिला होता. पोरगा हुशार आणि मनानं वाईट नव्हता. बुरुलला तो एजे, म्हणजे ताई म्हणायचा, आणि ती डबा आणायची तेव्हा खिम्याचे सामसे पहिले तोच संपवायचा.

"एजे, चेहरा असा का झालाय? बसा आधी."

"मी बसत नाही. तू हे बघ."

त्यानं बघितलं. आधी त्याला काही समजलं नाही. मग तिनं म्हाताऱ्याचं बोलणं जसंच्या तसं सांगितलं, तेव्हा त्यानं शेवटच्या चालीची तारीख पुन्हा वाचली.

"ऑक्टोबर?" तो म्हणाला. "मी तर एक-दोन दिवसांसाठी लिहिलं होतं हो. कुणाचा रिचार्ज संपतो, कुणी प्रवासात असतो..."

"मग थांबायचं कधी, ते का नाही लिहिलंस?"

"माणूस परत येतोच ना, एजे. कुणी परत आलाच नाही तर, हे माझ्या डोक्यातच आलं नाही." त्यानं दोन्ही हात केसांत खुपसले. "आईशप्पथ, आलंच नाही."

"त्यांनी पोराचा शोध घेतलेला नाही, अदिलेत. पोरगा रोज खेळतोय म्हटल्यावर कोण शोध घेईल? मी त्यांना फोन करते."

"थांबा! बदलीबद्दल खेळाडूला सांगायचं नाही, तुमच्या करारातच आहे. मी वर विचारतो. तुमची नोकरी जाईल हो."

"तू वर विचार. मोजे विकता येतात मला." तिचा आवाज चढला होता, ते तिच्या उशिरानं लक्षात आलं. "एक्सचेंजमध्ये पलीकडून माणसाचा श्वास ऐकू आल्याशिवाय 'फोन लागला' म्हणायचं नाही, असं शिकवलं होतं आम्हाला. आणि इथं बसून मी काय केलं? सहा महिने त्या हिरव्या दिव्यानं त्या माणसाला 'लागला, लागला' सांगत राहिले!"

जागेवर येऊन तिनं नंबर लावला. एक्सचेंजमध्ये मृत्यूच्या बातम्या तिच्या कानावरून गेल्या होत्या, पण त्या दुसऱ्या कुणीतरी सांगितलेल्या. स्वतःच्या तोंडानं असं काही सांगायची वेळ तिच्यावर पहिल्यांदाच आली होती.

"अरे वा, लगेच फोन!" तोक्तोसुन खुशीत होते. "कळवलंस का त्याला?"

"अक्साकाल, तुम्ही बसलेले आहात ना? घरात कुणी आहे?"

"ही आहे ना, कुबातची आई. फोन मोठ्यानं लावलाय, तीही ऐकतेय. का गं?"

"तुमच्याशी कुबात खेळत नाहीये."

"म्हणजे? आत्ताच चाल केली त्यानं."

"ती त्यानं केली नाही. त्याचं नेट ऑक्टोबरात तुटलं. ते परत जोडलंच गेलं नाही."

"मग कोण खेळतंय?"

"कुणी नाही."

"कुणी नाही कसं? वेडी आहेस का तू? हिवाळाभर माझ्यासमोर बसलाय तो. कोण आहे तुमच्याकडे, बोलाव त्याला. मी ओरडणार नाही. बोलाव."

"माणूस नाहीच हो तिथं. यंत्र आहे. कुणाचं नेट तुटलं की ते त्याच्या जागी खेळतं. आम्ही... आमच्या कंपनीनंच ठेवलंय ते."

पलीकडून बाईचा आवाज आला, अगदी बारीक.

"कुठल्या महिन्यापासून म्हणालीस?"

"ऑक्टोबर, अपा."

"माझ्या भावानं सांगितलं होतं," बाई म्हणाली. ती बुरुलशी बोलत नव्हती. "पोलिसात वर्दी द्या म्हणाला होता. तुम्ही हसलात त्याला. सगळ्यांसमोर हसलात."

त्यानंतर तिकडे जे झालं ते बुरुलनं शेवटपर्यंत ऐकलं. हेडफोन काढून ठेवणं तिला बरं वाटेना. शेजारची पोरगी पाणी घेऊन आली आणि तिच्याकडे बघून तशीच उभी राहिली.

दुसऱ्या दिवशी दुपारी तोक्तोसुन ऑफिसात आले. पहाटेच्या व्हॅननं निघाले होते. टोपी हातात होती, नवा कोट अंगात होता, आणि कालच्या फोनवरच्या माणसाचा यांच्यात मागमूस नव्हता. बायकोच्या भावानं येकातेरिनबुर्गला ओळखीच्या लोकांना रात्रीच फोन लावले होते. कुबात ऑक्टोबरात एका कामावरून निघाला आणि दुसऱ्या कामावर पोचलाच नाही, एवढंच कळलं होतं. प्रत्येक मुकादमाला वाटलं, तो दुसऱ्याकडे गेला. आता वर्दी द्यायची होती, आणि पोलीस विचारत होते, शेवटची खूण कधीची, कुठली?

"ती तुमच्याकडे आहे," ते म्हणाले. "लिहून द्या."

वरून अजून उत्तर आलं नव्हतं. अदिलेतनं त्याची वाट पाहिली नाही. आपल्या सहीचा कागद छापायला तो स्वतः उठून गेला.

"खरा डाव शेवटचा कुठला?" तोक्तोसुननी विचारलं. "मला दाखवता येतो?"

बुरुलनं आपली खुर्ची त्यांना दिली आणि ऑक्टोबरातला तो डाव लावला. पडद्यावर लेंड्यांच्या जागचे दगड आपोआप एका खळग्यातून दुसऱ्यात जाऊ लागले. म्हातारा पुढे वाकला. पहिल्या दोन-तीन चाली तो नुसता बघत राहिला. मग त्याचं बोट पडद्याकडे गेलं.

"सातव्या खळग्यातले उचलले. बघितलंस? लहानपणापासून इथलेच उचलतो. किती सांगितलं, ऐकत नाही." थोड्या वेळानं म्हणाला, "आता मारणार तो मला. बघ. मी झोपलेलो, आणि हा... अरे चोरा!" म्हाताऱ्याचा गच्च भरलेला खळगा एकदम रिकामा झाला. "याला म्हणतात कुबात. यात दयामाया काही नाही. मला कसं कळलं नाही गं? बाप आहे ना मी त्याचा? यंत्र माझ्यासमोर हरत होतं आणि मला वाटलं, पोरानं माफ केलं."

बुरुलचे डोळे भरून आले होते आणि ते तिनं पुसलेही नाहीत.

डाव संपला. कुबातनं बापाचा पार धुव्वा उडवला होता.

"पुन्हा लाव."

तिनं पुन्हा लावला. डाव शेवटाला आला तसा त्यांनी एकदम हात वर केला.

"इथं थांबव, पोरी. इथंच."

तिनं थांबवला. पटावर एकच चाल उरली होती.

"आता पाळी त्याची आहे," तोक्तोसुन म्हणाले आणि हात मांडीवर ठेवून पडद्यासमोर बसून राहिले. अदिलेत कागद घेऊन दाराशी आला होता. तो आत आला नाही.