आधी लेकीची सही

डिसेंबरातल्या त्या रविवारी सखूबाईंनी सांबारवड्या करायला घेतल्या होत्या, आणि एकदा त्या घेतल्या की सखूबाईंना थांबवणं कुणाच्या बापाला जमत नसे. हिरव्यागार सांबाराच्या, म्हणजे कोथिंबिरीच्या, चार जुड्या निवडून, धुऊन, फडक्यावर पसरून त्या सकाळपासून बसल्या होत्या. डोळ्यांत मोतीबिंदू उतरलेला, सगळं धूसर दिसायचं, पण बोटांना काही सांगावं लागत नव्हतं. पारी लाटायची, चिंच-गुळाचं पाणी फिरवायचं, सारण भरून घडी घालायची आणि कढईत सोडायची.

त्यांची लेक भारती दर रविवारी अकराच्या सुमाराला स्कूटरवरून तांडापेठेत यायची. घर तिच्या धाकट्या भावाचं, पंकजचं. तीन मजली, समोर गाडी लावायला जागा. आईची खोली तळमजल्यावर, जिन्याला लागून.

"आली? हात धू अन् बस. चष्मा काढून ठेव, तेल उडून राहिलं."

"आई, डोळ्याच्या डॉक्टरांनी तारीख दिली आहे मंगळवारची."

"अवं, डोळा कुठं पळून चालला? संक्रांत होऊ दे."

"मागच्या वर्षीही संक्रांतच होती."

"मग यंदाही येईल ना. तिले कोणी अडवलं?"

भारती हसली. आईशी वाद घालून जिंकल्याचं तिला आठवत नव्हतं.

भारती एका विधी महाविद्यालयात ग्रंथपाल होती. गेल्या आठ वर्षांत तिनं बायकांच्या कायदेशीर हक्कांवर तीन छोटी पुस्तकं लिहिली होती. मोठी अक्षरं, सोपी वाक्यं, पिठाच्या हातानं उलटली तरी चालतील अशी पानं. बचत गटांत आणि महिला मंडळांत ती वाचली जात. सखूबाईंच्या उशाशी तिन्ही असत. चौथीपर्यंत शिकलेल्या त्या, पण डोळे गेल्यापासून वाचून दाखवायला माणूस लागायचा, आणि गल्लीतली कुणी ना कुणी बाई त्या कामाला धरली जायची.

त्या दिवशी समोरच्या घरातली रोशनी धरली गेली होती. इतवारीत साड्यांच्या दुकानात काम करणारी, सव्वीस-सत्तावीसची. महिन्यापूर्वी तिचे वडील गेले होते.

"हिच्या भावानं, केशवनं, हक्कसोडाचं काढलं आहे," सखूबाई झारा हलवत म्हणाल्या. "हिले ते पान वाचून दाखव. मलेही ऐकू दे."

"रोशनीला वाचता येतं की आई."

"तू लिहिलं ना? मग तुझ्याच तोंडानं ऐकू दे."

पुस्तक आधीच उघडून ठेवलेलं होतं. भारतीनं वाचायला सुरुवात केली. वडील वारले की त्यांच्या घरात बायकोचा, लेकीचा आणि लेकाचा सारखा वाटा असतो. लेकीनं तो भावाच्या नावे सोडून दिला तर त्या कागदाला हक्कसोडपत्र म्हणतात. भाऊ साडीचोळी करतो, बहिणीचं माहेर टिकतं, आणि कागद एकदा नोंदला की तो परत फिरवणं फार कठीण. मग खाली उदाहरण होतं. विमल नावाची एक विधवा. तिच्या मुलानं कागद वाचून न दाखवताच तिची सही घेतली, आणि नवऱ्याच्या घरात ती पाहुणी होऊन राहिली.

कढईतली वडी उलटता उलटता सखूबाईंनी विचारलं, "त्या बाईले पोरगी नव्हती काय वं?"

भारतीनं पान उलटलं. मग पुन्हा मागं घेतलं.

"उदाहरण आहे आई. खरी बाई नाही ती."

"असं होय," सखूबाई म्हणाल्या. "मले वाटलं खरी आहे."

"आजी, तुम्ही तर पुस्तकातल्या बाईचीही चौकशी करता!" रोशनी हसली.

"करा लागते. नाहीतर कोण करते?"

सखूबाईंनी पहिली वडी रोशनीच्या हातावर ठेवली, दुसरी भारतीच्या. निघताना डबा भरून दिला, वर एक वडी कागदात गुंडाळून पर्समध्ये कोंबली, आणि दारात उभ्या राहून म्हणाल्या, "हळू जाजो." भारतीनं मागं न पाहताच हात केला, कारण स्कूटर तिनं आधीच सुरू केली होती.

सोमवारी पहाटे पंकजचा फोन आला. आई नळावर पाणी भरायला उठली, बादली हातात घेतली आणि तिथंच बसली. दवाखान्यात नेईपर्यंत संपलं होतं.

पुढच्या दिवसांत भारती सगळं रीतसर करत राहिली. आलेल्यांना पाणी दिलं, रडणाऱ्यांच्या पाठीवर हात ठेवला, स्वतः फारशी रडली नाही. लोक म्हणाले, शिकलेली आहे, सोसते. तेरवीला मावशी चार बायकांत बसून सांगत होती, "कायद्याची पुस्तकं लिहिते ही, पण भावाजवळ तिळभर मागितलं नाही. याले म्हणते संस्कार." बायकांनी माना डोलावल्या. भारती पत्रावळी उचलायला उठून गेली.

कारण पुस्तकातल्या त्या बाईला पोरगी होती.

अकरा वर्षांपूर्वी भारतीचे वडील, नानाजी, गेले तेव्हा हे घर एकमजली होतं. पुढच्या खोलीत नानाजींचा खड्डामाग होता. जमिनीत खड्डा, त्यात पाय सोडून बसायचं आणि विणायचं. नानाजी विणायचे आणि सखूबाई शेजारी चरख्यावर सुताच्या कांड्या भरायच्या. चाळीस वर्षं त्या चाकाची घरघर घरात होती. साड्या कुणी घेईनासं झालं तरी नानाजींनी माग मोडला नव्हता. सकाळी एकदा त्याच्यावरून फडकं फिरवल्याशिवाय सखूबाई चहा घेत नसत.

पंकज वाईट नव्हता. त्यानं कधी कुणाला धमकावलं नाही. "ताई, नवं बांधायचं तर एकाच्या नावावर असलेलं सोपं पडते, असं नक्शावाला म्हणते. तू म्हणशील तसं करू," एवढंच तो म्हणाला होता. पुढचं मावशीनं सांगितलं. "आधी लेकीची सही, मग आईची. असंच असते आपल्यात. लेक राजी आहे हे पाहिलं की माईचा हात अडत नाही."

आईचा तिसरा हिस्सा होता. भारतीला हे नुसतं ऐकून-वाचून ठाऊक होतं असं नाही, तर तोंडपाठ होतं. तो कायदा ती रोज कपाटातून काढून विद्यार्थ्यांच्या हातात देत होती. पण त्या वर्षी तिचा स्वतःचा संसार मोडायला आला होता. नवऱ्याचं घर सोडायचं की नाही, सोडलं तर कुठं जायचं, हे तिला कळत नव्हतं. पंकज म्हणाला होता, "इथं ये. वरची खोली तुझीच समज." त्या एका वाक्याला ती धरून होती. वाट्याचा शब्द काढला आणि हे दार बंद झालं तर? तिनं आपला वाटा सोडला, त्याचं तिला आजही काही वाटत नव्हतं. तो तिचा होता. आईचा वाटा तिचा नव्हता.

नोंदणीच्या कार्यालयात सखूबाई ठेवणीतलं नऊवारी नेसून आल्या होत्या. भारतीनं सही केली. कागद आईपुढे सरकला. तेव्हा डोळे चांगले होते, सखूबाईंनी पहिल्या दोन ओळींवरून बोट फिरवलं आणि अडखळल्या.

"काय लिहिलं वं याच्यात?"

"काही नाही आई. नेहमीचंच असतं." भारतीनं सहीच्या जागेवर बोट ठेवलं. "इथं कर."

सखूबाईंनी लेकीच्या सहीकडे पाहिलं, आणि तिच्या खाली आपलं नाव काढलं, एकेक अक्षर दाबून. टेबलामागच्या माणसानं विचारलं, "आजी, समजून करताय ना सही?" आईनं तोंड उघडायच्या आत भारती म्हणाली, "हो, समजलं तिला." मग फोटोसाठी आईनं पदर डोक्यावर नीट केला. एवढंच. सगळं मिळून पाऊण तासही लागला नसेल.

सहा महिन्यांनी घर पाडायला घेतलं तेव्हा सखूबाई पंकजला म्हणाल्या, "एक माग राहू दे गा. कोपऱ्यात राहील तो."

"आई, मग गाडी कुठं लावू?"

त्या रविवारी त्यांनी भारतीला बाजूला घेऊन विचारलं, "घर तुया बापाचं. मले यात एक शब्द बोलता येत नाही काय?"

तेव्हा तरी सांगता आलं असतं. येत होतं, मी तुला सांगितलं नाही, असं. भारती म्हणाली, "आता राहू दे आई." सखूबाईंनी राहू दिलं. खड्ड्यात विटांचे तुकडे भरले, वर फरशी बसली, आणि सखूबाई जिन्याजवळच्या खोलीत गेल्या. पंकजनं त्यांना काही कमी केलं नाही. फक्त भिंतीत खिळा ठोकायचा असला तरी त्या त्याला विचारायच्या.

पहिलं पुस्तक भारतीनं त्यानंतर लिहिलं. ती वरच्या खोलीत कधी राहायला गेलीच नाही. नवऱ्यापासून वेगळी झाली, त्रिमूर्तीनगरात भाड्यानं दोन खोल्या घेतल्या आणि रोज संध्याकाळी लिहीत बसली. बायकांची पत्रं आली, तिला सभांना बोलावणी आली. प्रत्येक सभेत ती विमलची गोष्ट सांगायची आणि प्रत्येक वेळी सही मुलगा घ्यायचा. दहा-बारा सभांनंतर ती गोष्ट तिला खरीच वाटायला लागली होती. आईला मात्र तिच्यातून वगळलेली लेक दिसली होती. किती दिवसांपासून ते पान उघडून आई तिची वाट पाहत होती, हे विचारायला आता कुणी नव्हतं.

तेरवीच्या दुसऱ्या दिवशी भारती आणि पंकज आईच्या खोलीत सामान आवरत बसले होते. पंकज लुगड्यांच्या घड्या खाटेवर रचत होता. त्याचे डोळे सुजलेले होते.

"ताई, ही सगळी तूच घेऊन जा. मी कुणाला देऊ?"

दारात रोशनी उभी होती. "ताई, वेळ आहे का?"

"ये ना."

ती आत येऊन जमिनीवरच बसली. "उद्या अकरा वाजता जायचं आहे सही करायला. केशवदादानं कागद आणले. आजी म्हणाल्या होत्या, जायच्या आधी भारतीले विचारजो. म्हणून आली."

"वाचलेस कागद?"

"वाचले. मी तर सोडूनच देते ताई. भावाशी कोण कटकट करते? पण त्यात आईचंही नाव आहे. तिले मी म्हटलं, तू वाच. तर म्हणते, मले काय समजते, तू केली की मी करते."

भारतीनं हातातलं लुगडं खाली ठेवलं. "हे बघ रोशनी, प्रत्येक स्त्रीनं आपला निर्णय पूर्ण माहिती घेऊन…"

"ते पुस्तकात आहे ना ताई, वाचलं मी," रोशनी अगदी साधेपणानं म्हणाली. "तुमच्या वेळी तुम्ही काय केलं होतं?"

पंकजनंच उत्तर दिलं, आणि कौतुकानं दिलं. "ताईनं तर एका शब्दावर सही करून दिली. तिच्या मागून आईनं. आमच्यात एका पैशाचं भांडण नाही झालं कधी, विचार कुणालेही."

रोशनीनं मान हलवली. तिच्या चेहऱ्यावर सुटका झाल्यासारखं काहीतरी आलं. गुडघ्यावर हात टेकून ती उठायला लागली. "मग ठीकच आहे. मी आईले तसंच सांगते."

"थांब," भारती म्हणाली. "बस खाली."

"ताई, काय झालं?" पंकज म्हणाला.

"तूही ऐक. तुलाही ठाऊक नाही हे." तिचा आवाज सभेतला नव्हता. "या घरात आईचा तिसरा हिस्सा होता. मला माहीत होतं. तिनं तिथं मला विचारलं, काय लिहिलंय म्हणून. मी म्हटलं, काही नाही. साहेबानं तिला विचारलं तर उत्तर मी दिलं."

"अगं पण मी कुठं…" पंकज म्हणाला.

"तू नाहीच. तू म्हणाला होतास, ताई म्हणेल तसं. मी सांगितलं असतं तर तू ऐकलंही असतंस. मला भीती होती, तू मला घरात घेणार नाहीस याची. म्हणून मी तिच्या आधी सही केली. माझी सही पाहिली की ती करेल, हे मला ठाऊक होतं, रोशनी. तुझी आई करेल तशीच."

पंकज हातातली घडी तशीच धरून बसला होता. भारतीनं खाटेकडे पाहिलं. गादी गुंडाळून ठेवलेली होती, नुसत्या पट्ट्या दिसत होत्या. तिला वाटलं होतं, हे बोलताना रडू येईल. आलं नाही.

"आई," ती म्हणाली, मोठ्यानं, जशी शेजारच्या खोलीत असलेल्या माणसाला हाक मारावी, "मी तुला वाचून दाखवायला पाहिजे होतं. तुझं घर पंकजनं नाही घेतलं. मी दिलं."