अनोळखी स्त्री

“काका, खाडाखोड केलीत तुम्ही!” परवानगीबाईंनी कपाळाला हात लावला.

माहितीपटवाल्यांना जुनी दृश्यं शोधून द्यायची आणि ती टिपणाऱ्यांच्या सह्या मिळवायच्या, हे बाईंचं एकोणीस वर्षांचं काम. तळघरातल्या बिनखिडकीच्या खोलीत बसून त्यांनी जगभरचे पूर, वराती, मोर्चे पाहिले. स्वतः मात्र घर आणि ऑफिस सोडून कुठे गेल्या नाहीत. खरं नाव कुणाला आठवत नसे. परवानगीबाई म्हटलं की भागत होतं.

समोरच्या म्हाताऱ्या कॅमेरामनने एका पुलाचं उद्घाटन टिपलं होतं. एका माहितीपटाच्या दिग्दर्शकाला त्यातले नऊ सेकंद हवे होते. वाऱ्यात केस सावरत एक मुलगी पूल ओलांडते, तेवढेच. अर्जात छापलं होतं, ‘दृश्यातील व्यक्ती: अनोळखी स्त्री’. काकांनी त्यावर काट मारून लिहिलं होतं, ‘माझी बायको’.

“खोटं आहे का? चाळीस वर्षं संसार केलाय.”

“खोटं नाही हो. पण ओळखीची म्हटलं की त्यांची सही लागते.”

“ती गेली. गेल्या वर्षी.”

“मग तुमची, आणि मुलांची.”

“मुलगा एकच. दहा वर्षं बोलत नाही माझ्याशी.”

इकडे आड, तिकडे विहीर. चारपर्यंत कागद वर गेला नाही तर दिग्दर्शक दुसरा पूल शोधणार. त्याला काय, पूल मिळाल्याशी मतलब! ती मुलगी मात्र कायमची डब्यात जाणार. आणि हा सह्यांचा नियम बाईंनीच सुचवलेला. केवढी ती हौस शहाणपणाची! त्यांना स्वतःचाच संताप आला.

त्यांनी कोरा अर्ज पुढे सरकवला. मान वर करायचा धीर होईना. “अनोळखीच राहू द्या, काका. नाहीतर त्या दिसणारच नाहीत कुणाला.”

म्हाताऱ्याने कोरा अर्ज जवळ ओढला.

“तशी त्या दिवशी अनोळखीच होती म्हणा. कॅमेऱ्यातूनच पहिल्यांदा दिसली. मी ओरडलो, अहो ताई, बाजूला व्हा, पूल दिसत नाहीये!”

हसता हसताच त्याने सही केली. मग जुना कागद उचलला.

“हा बाद ना?”

“बाद. फाडायचा असतो.”

“फाडा मग. तेवढे दोन शब्द सोडून.”

बाईंनी पट्टी धरून ते दोन शब्द अलगद फाडून घेतले आणि काकांच्या तळहातावर ठेवले.