राखेतली ज्वारी

गाडग्यात राख होती, म्हणून मी निर्धास्त होते.

आमच्या घरात बियाणं असतं ते गुलाबी. नवरा, बालाजी, चाकूरला खताबियाण्याचं दुकान चालवतो. औषध चोळलेल्या बियाण्याच्या त्या पिशव्या, मुक्ता रांगायला लागली त्या दिवशी मी माळ्यावर टाकायला लावल्या. गुलाबी म्हणजे विष, एवढं बी.एस्सी.ला शिकले होते. राखेचं मला कुणी शिकवलं नव्हतं. माझं माहेर देगलूरचं, वडील शाळेत मास्तर. आमच्याकडं धान्य दुकानातून यायचं.

मुक्ता दहा महिन्यांची. दोन महिने झाले, वजनाचा काटा सात किलोवर अडलेला. दर सोमवारी मी तो आकडा वहीत लिहायचे आणि मागची पानं चाळायचे. लातूरचे डॉक्टर म्हणाले, घाबरू नका, मोड आणलेल्या ज्वारीचं सत्त्व द्या. दुकानातली डब्यातली पावडर मी आधीच बंद केली होती. बारीक अक्षरं वाचायची मला खोड. डब्यावर पाम तेल लिहिलेलं, ते कुठल्या समुद्रापलीकडून आलं कोण जाणे.

पण ज्वारी आणायची कुठली? बारा एकर रान, बांधापासून बांधापर्यंत सोयाबीन. भाकरीची ज्वारीसुद्धा आम्ही विकत आणतो, आणि तिच्यावर काय फवारलंय ते कुठं लिहिलेलं नसतं. मग एक दिवस भांडीघरातल्या उतरंडीच्या तळाशी ते गाडगं सापडलं. वर कडुलिंबाचा वाळका पाला, खाली राख, राखेत ज्वारी, जेमतेम अर्धा किलो. सासूबाईंच्या, लक्ष्मीबाईंच्या हातची. त्यांना जाऊन तीन वर्षं झाली होती. मला वाटलं, नातीसाठीच ठेवून गेल्या. भरून आलं मला.

सगळी ज्वारी चार पाण्यांनी धुतली. अर्धी आधी भिजवली, मोड आणले, वाळवली, भाजली. उरलेली अर्धी दुसऱ्या खेपेला भिजवून फडक्यात बांधली, खुंटीला टांगली. आणि भाजलेली घेऊन लालमहंमदचाचांच्या चक्कीवर गेले.

चाचांनी डबा ओतता ओतता हात आखडला. चार दाणे तळहातावर घेतले, हुंगले, एक दाढेखाली फोडला.

"कुठून आणली ग ही?"

"घरची आहे, चाचा."

"ते कळून राहिलंय मला. तीस साल दळली हिला. दगडी ज्वारी हाय ही, जुनं वाण. भाजली तरी वास लपत न्हाई." त्यांनी चक्की बंद केली. पट्टा फडफडत थांबला. "तीन साल झाले, तुझे सासरे, आप्पा, इथं बसून म्हणून राहिले, ह्या साली टाकतो, ह्या साली टाकतो. लक्ष्मीभाभीचं बी हाय घरात, म्हणे. गावात दुसऱ्या कुणाकडं दाणा न्हाई हिचा. अन् तू ती दळून राहिलीस व्हय?"

पलीकडं गहू पाखडणाऱ्या अमीरबीचाचींनी सूप आपटलं. "अजी, पोरीला भेडवता कशाला? लेकुरवाळी हाय ती. तिला काय ठाव, राख म्हंजी बी असतंय म्हणून."

डबा तसाच घेऊन निघाले.

वाटेत एकच आठवत राहिलं. लग्नानंतरची माझी पहिली येळवस. ऐन थंडीतल्या त्या अवसेला इकडं सगळं गाव शेतात जेवायला जातं. सासूबाई डोक्यावर आंबिलाचं मडकं घेऊन पुढं, मी मागं मिश्र भाज्यांच्या भज्जीचं पातेलं घेऊन. बांधाच्या दोन्हीकडं ज्वारी माझ्या डोक्याच्या वर, कणसं गालाला घासायची. पाच दगडांचे पांडव मांडलेले, वर कडब्याच्या पेंढ्यांची खोपटी, कोप. अमीरबीचाची आमच्या आधीच येऊन बसलेल्या. आंबिल पिऊन आप्पा कडब्यावर आडवे झाले, तर सासूबाई म्हणाल्या, "उठा डंकेल, बैलं हसून राहिलीत."

डंकेल हे आप्पांचं गावातलं नाव. तीसेक वर्षांपूर्वी, डंकेल नावाच्या परदेशी करारानं बी कंपन्यांचं होणार म्हणून मोर्चे निघाले, तेव्हा आप्पा भाकरी बांधून ट्रकमधून लातूरला गेले, 'डंकेल परत जा' ओरडून घसा बसवून आले. डंकेल माणूस की मशीन, हे त्यांनाही नीटसं ठाऊक नव्हतं, असं सासूबाई सांगायच्या. स्वतः त्या कुठं गेल्या नाहीत. मोर्चा संपला, सोयाबीन आलं, आप्पांनीही पेरलं. सासूबाई मात्र दर साली बांधाकडेला चार ओळी, चार तासं, दगडीची टाकायच्या आणि बी राखेत घालायच्या. गेल्या येळवशीला गावात कडब्याची पेंढी मिळेना, तर आम्ही हिरव्या जाळीची कोप केली होती.

आप्पा ओट्यावर बसले होते. बालाजी शेजारी मोबाइलमध्ये. "शिकागोच्या बाजारात भाव पडला बघा पुन्हा," तो म्हणत होता, "उद्या लातूरला सोयाबीनला कोण विचारतंय!"

मी उभ्यानंच सांगून टाकलं. "आप्पा, गाडग्यातली ज्वारी मी भिजवली."

कुठल्या गाडग्यातली, हे त्यांनी विचारलं नाही. "समदी?"

"अर्धी भाजली. अर्धी फडक्यात आहे."

"आण."

गाठ सुटेना माझ्या हातानं. त्यांनी सोडली. आत पांढरे मोड, तांदळाच्या कणीएवढे. आप्पांनी त्यातले शंभर दाणे ओट्यावर दहा-दहांनी मांडले. एकेक बोटानं सरकवत मोजले. मुक्ता माझ्या कडेवरून खाली झेपावत होती, मी तिला घट्ट धरलेलं.

"त्रेसष्ट," आप्पा म्हणाले. पुन्हा मोजले. "तीन सालाचं बी. त्रेसष्ट जितं."

मग त्यांनी मांडलेले दाणे गोळा करून फडक्यात टाकले. "मी उघडत नव्हतो ते गाडगं. मेलेलं निघालं तर काय करणार? म्हणून आपलं म्हणत राहायचं, पुढल्या साली."

"पण आप्पा, मोड आलेलं कुणी पेरतं का?" बालाजी म्हणाला. "तिफणीत मोडून जातंय."

"तिफण कशाला? बोटं न्हाईत व्हय? रोप लावतो तसं लावायचं. सोयाबीन काढलेलं रान हाय, वल हाय. आत्ताच चल. उन्हं उतरलीत."

बालाजी आत गेला आणि बियाण्याला चोळायच्या औषधाची पुडी घेऊन आला. "निदान ही तरी चोळू."

"ती गुलाबी तुझ्या गिऱ्हाइकाला चोळ."

मी भाजलेल्या ज्वारीचा डबा पुढं केला. "आणि हिचं?"

"भाजलेलं उगवत न्हाई, पोरी. लेकराला दे. घरचंच हाय." तो आवाज रागाचा नव्हता. त्यानंच मला रडू आलं.

रानात पोचलो तर बांधावर चाचा-चाची हजर. कुणी बोलावलं कोण जाणे. मोटारसायकलीवरून पाण्याचे कॅन आणून बालाजीनं ठेवले, "मला दुकान हाय" म्हणाला, आणि पँट वर सरकवून ओणवा झाला. पाचजण वाकलो. बोटानं भोक, एक दाणा, वर माती. अमीरबीचाची माझ्या मागून येत होत्या. "खोल घालू नको ग. लक्ष्मी म्हणायची, पांघरूण घालावं तेवढीच माती."

"आप्पा, येळवशीला कोप कशाची?" चाचांनी विचारलं.

"ह्या साली जाळीचीच. पुढल्या साली कडबा." आप्पा थांबले. "हसू नका रे. ह्या खेपेला बोललो ते मातीत हात घालून बोललो."

शेवटचं तास उरलं होतं तेव्हा मी फडकं पाहिलं, तर रिकामं. मुक्ता शेजारी मातीत बसलेली, मूठ तोंडाकडं निघालेली. मी झडप घातली. एकेक बोट उलगडलं. तीन दाणे होते. एकाचा मोड तुटला होता. दोन शाबूत.

ते तिच्याच हातून लावले. बोट माझं, दाणा तिच्या चिमटीत.