आत्याचा उजेड

आमच्या ताईच्या सिनेमात गोष्ट नसते, गाणं नसतं आणि मध्यंतरानंतर निम्मे प्रेक्षकही नसतात. तिला त्याचं सोयरसुतक नाही. निर्माता नको, मदतनीस नको. कॅमेरा स्वतः उचलायचा आणि फिल्म घरच्या बाथरूममध्ये, मिट्ट अंधारात, रसायनाच्या बादलीत धुवायची. जे निघेल ते ठेवायचं, कापायचं नाही. मी तिला तोंडावर हट्टी म्हणतो आणि मनातून हात जोडतो.

बाबा गेले तेव्हा त्यांचं एकच रीळ तिच्याकडे होतं, तेही न धुतलेलं. आरशासमोर दाढी करणारे बाबा. दुसरी प्रत नाही, दुसरे बाबाही नाहीत. ती ते रीळ घेऊन बाथरूममध्ये शिरली. आम्ही घरचे अशा वेळी त्या दाराकडे फिरकत नाही, पण भेटायला आलेल्या आत्याला कोण सांगणार? कडी जुनी. तिने दार ढकललं आणि सवयीने दिवाही लावला.

"अगं, अंधारात काय करतेस?"

ताईने दिवा मालवला, पण न धुतलेल्या फिल्मवर उजेड पडला की चित्र जातं, आणि तो पडून गेला होता. काय झालं ते कळल्यावर आत्या मटकन खाली बसली. "माझ्याच हातांनी दादाला पुसलं," एवढंच म्हणत राहिली. मला तिचा भयंकर राग आला होता. ताई मात्र ओल्या हातांनी तिच्याजवळ बसली. "वरचे वेढे गेले असतील, आत्या. तळाचं वाचलंही असेल. बघू."

काही महिन्यांनी एका छोट्या सभागृहात तो सिनेमा लागला. आत्या माझ्या शेजारी होती. बाबा गालाला फेस लावत होते. मग कडेने पांढरं आत आलं आणि त्याने बाबांना गिळलं. पडदा नुसता पांढरा. एवढं तरी कापायचं होतं बाईने, मी मनात चरफडलो.

आत्याने माझं मनगट घट्ट धरलं. "दादा दिसत नाही रे."

"थांब, आत्या."

पांढरं हळूहळू विरलं. बाबा टॉवेलने तोंड पुसत होते. टॉवेल खाली घेऊन त्यांनी कॅमेऱ्यामागच्या ताईकडे पाहिलं आणि हसले. मला रडू आवरलं नाही.

दिवे लागले. एकही माणूस उठून गेला नव्हता.

"माझा उजेड तेवढा काढून टाकायचास ना गं," आत्या ताईला म्हणाली.

"कशाला? तेवढा वेळ सगळ्यांनी बाबांची वाट पाहिली."