अडकलेलं स्टेरिंग

अणदूरच्या खंडोबाच्या जत्रेत बब्रुवानच्या मोटारीच्या खेळाचं स्टेरिंग भर दुपारी अडकलं. पेटीच्या काचेआड कागदी रस्ता फिरत होता, पण त्यावरची पत्र्याची मोटार काही केल्या वळेना. दुष्काळानं आधीच जत्रा ओस, त्यात आलेली दोन गिऱ्हाइकंही निघून गेली. त्यानं दोरी ताणून पाहिली, बॅटरी बदलली, पेटीला दोन शिव्या हासडल्या. शेवटी स्टेरिंग उपसलं. आतली दातेरी चाकं पिवळीधमक झाली होती. लोकांनी उधळलेला भंडारा तेलात मिसळून घट्ट बसला होता.

"बारा वर्सं या जत्रेला येतोय म्या," तो एकटाच करवादला. "भंडारा काय यंदाच उधळला व्हय?"

आणि त्याचा हात थांबला. दर जत्रेत तो जेवून लवंडला, की त्याची बायको मालन पेटीपाशी जाऊन बसायची. "काय उकरीत बसलीस? पड की जरा," असं तो दरवेळी खेकसायचा. यंदाच्या आखाडात ती गेली.

पुसायला फडकं शोधत त्यानं पेटीखाली हात घातला. तिथं फटीत एक कोंबडीचं पीस जपून खोचलेलं होतं, टोकापर्यंत पिवळं झालेलं. बारा वर्षांत त्याला ते कधी दिसलं नव्हतं.